मोटारकाकू आणि माझ्या होडीची मागची फळी

आमच्या गावात होडीला मोटार लावायची तर मोटारकाकूंकडे जावं लागतं, आणि मोटारकाकूंकडे जायचं तर बोलणी खायची तयारी ठेवावी लागते. मी सुतार. होड्या बांधतो. गिऱ्हाइकांची बोलणी खाण्यात अर्धं आयुष्य गेलं, त्यामुळे मला आता कुणाच्या बोलण्याचं काही वाटत नाही, असं मी सगळ्यांना सांगत असतो. खरं सांगायचं तर फार वाटतं.

गाव त्यांना मोटारकाकू म्हणतं. मी वहिनी म्हणतो, कारण त्यांचे यजमान माझे लहानपणापासूनचे दोस्त. दोस्त म्हणजे अगदी गरीब स्वभावाचा माणूस. खाडीच्या काठावर जन्म काढला, पण घोट्याच्या वर पाणी कधी लागू दिलं नाही. त्याच्या वडिलांचं मोटारींचं दुकान. वडिलांची नजर अधू झाली तेव्हा मुलगा पेट्रोलच्या वासाने डोकं धरून बसलेला, म्हणून ते नव्या सुनेला म्हणाले, "तू बघ आणि मला सांग." सून बघायची आणि सांगायची, सासरे ऐकून काय करायचं ते सांगायचे. पुढे पुढे सून बघायची, स्वतःच करायची, आणि सासऱ्यांना नंतर सांगायची. सासरे शेवटी शेवटी दारात खुर्ची टाकून बसायचे आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला म्हणायचे, "आत जा, मालक आत आहेत." मालक म्हणजे सून. माझा दोस्त गल्ल्यावर बसायचा, चहा करायचा, आणि बायकोचं कौतुक करायचा. अजून तिन्ही कामं तोच करतो.

दुकान म्हणजे एक लांबोडकी खोली. दोन्ही भिंतींना लाकडी घोड्यांवर मोटारी उभ्या केलेल्या, डोकं वर, पाय खाली. एका बाजूला आखूड पायाच्या, दुसऱ्या बाजूला लांब पायाच्या. दारात पाण्याने भरलेलं पिंप. दुरुस्त झालेली मोटार त्या पिंपात चालवून बघतात, तेव्हा समोरच्या शिंप्याच्या दुकानातल्या बटणांच्या बरण्या हलतात आणि शिंपी बाहेर येऊन दोन शब्द बोलून जातो. मागच्या भिंतीवर मोटारींचे तुटके पंखे टांगलेले आहेत. कुठला पंखा कुणी कुठल्या खडकावर आपटला, हे वहिनी न विचारता सांगतात, आणि तो माणूस दुकानात हजर असला तर जरा मोठ्याने सांगतात.

मी त्या दिवशी गेलो ते धाकटीसाठी. धाकटी म्हणजे माझी दुसरी मुलगी. पलीकडच्या काठावर माणसं नेण्या-आणण्याचं काम जो म्हातारा वल्ह्यांवर करायचा, त्याचे खांदे गेले. ते काम धाकटीने मागून घेतलं. मला विचारलं नाही. आधी ठरवलं, मग मला होडी बांधायला सांगितलं. मी बांधली. आजवर बांधलेल्यांत सगळ्यांत देखणी होडी. मागची फळी तर एकाच अखंड लाकडाची, कुठे गाठ नाही, कुठे जोड नाही. येणारा-जाणारा तिच्यावरून हात फिरवून जायचा.

माझ्या बायकोने मात्र हात फिरवला नाही. ती लांबूनच म्हणाली, "तोंडाशी मोटार बंद पडली तर तुम्ही काय करणार? काठावर उभे राहून रंधा मारणार?"

तोंडाशी म्हणजे खाडी जिथे समुद्राला मिळते तिथे. पलीकडे जायची वाट त्या तोंडाजवळूनच जाते, कारण आतल्या बाजूला सगळा गाळ. पलीकडचा काठ हाताशी आला की वाळूचा एक उथळ पट्टा लागतो, आणि वारा असला की समुद्राच्या लाटा त्या पट्ट्यावर येऊन फुटतात. तिथे मोटारीचा जोर गेला तर होडी आडवी होते, आणि आडव्या होडीला पुढची लाट सोडत नाही. हे आमच्याकडे लहान पोरांनाही माहीत आहे. बायकोचं बरोबर होतं, म्हणून मी रागावलो आणि तडक वहिनींकडे गेलो.

"आखूड पायाची मोटार द्या," मी म्हणालो. "पंधरा इंचाची फळी आहे."

"मोजली कुणी?"

"मी मोजली. मीच बांधली."

"म्हणूनच विचारलं," वहिनी म्हणाल्या. माझा दोस्त गल्ल्यावर हसला आणि लगेच चहाचं आधण बघायला आत गेला.

ज्यांना होडीतलं काही कळत नाही त्यांच्यासाठी सांगतो. मोटार होडीच्या मागच्या फळीवर बसवून स्क्रूने आवळायची. तिचा पाय खाली पाण्यात जातो आणि पायाच्या टोकाला पंखा. पंख्याच्या जरा वर एक आडवी ताटली असते. ती ताटली होडीच्या बुडाच्या रेषेत आली पाहिजे, फार तर बोटभर खाली. म्हणून फळीची वरची कड ते बूड, मधोमध सरळ खाली मोजायचं. पंधरा भरलं तर आखूड पाय, वीस भरलं तर लांब. पाय आखूड पडला तर पंखा वर येऊन हवा ओढतो, मोटार किंचाळते आणि होडी पुढे जात नाही. लांब पडला तर पाणी अडवत बसतो आणि उथळात वाळूला लागतो. इतकं सरळ आहे. मला वाटत होतं इतकंच आहे.

"मोजमाप बरोबर असेल," वहिनी म्हणाल्या. "आता माणसं मोजली का?"

"बाराजणं बसतील."

"किती नाही विचारलं. कुठे बसतील?"

मी म्हणालो, फळ्यांवर बसतील, आणखी कुठे बसणार. वहिनींनी हात पुसले, घोड्यावरची एक जुनी आखूड पायाची मोटार उतरवायला लावली आणि म्हणाल्या, "ही घेऊन जा. उद्या मी येते. त्याआधी मी काही विकत नसते." एखाद्या दुकानदाराने गिऱ्हाइकाला असं परत पाठवलेलं मी दुसरीकडे पाहिलेलं नाही. पण त्यांची पद्धतच ती. होडी पाण्यात, माणसांनी भरलेली, एकदा तिकडे जाऊन आल्याशिवाय त्या मोटारीचा पाय सांगत नाहीत. लोक कुरकुरतात आणि तरी जातात.

दुसऱ्या दिवशी वारा अजिबात नव्हता. पाणी सपाट. पलीकडचे बाराजण होडीत बसले, गावातल्या मासळीच्या कारखान्यातून सुटलेल्या बायका, एक मास्तर, एक म्हातारबुवा कोंबड्यांची पाटी घेऊन. धाकटी मोटारीच्या दांड्याला. मी मध्ये. वहिनी मात्र थेट मागच्या फळीला चिकटून बसल्या, त्याही उलट्या, सगळ्यांकडे पाठ करून. बाकीचे समोर बघत होते आणि ही बाई जिकडून आलो तिकडे. म्हातारबुवांनी मला डोळ्याने विचारलं, हे काय? मी खांदे उडवले. वहिनींचं लक्ष मोटारीच्या पायावर आणि त्या ताटलीवरून जाणाऱ्या पाण्यावर. अख्ख्या वाटेत त्यांनी मान फिरवली नाही.

मग पलीकडचा काठ जवळ आला आणि पलीकडच्या लोकांनी जे पिढ्यान्‌पिढ्या केलं ते केलं. त्या काठाला धक्का नाही. होडीची नाळ, म्हणजे पुढचं टोक, चिखलाला टेकवायची आणि माणसांनी नाळेवरून उड्या मारायच्या. साहजिकच प्रत्येकाला पहिली उडी मारायची असते. काठ दिसला की यांच्या पायांना खाज सुटते. वाळूचा पट्टा अजून यायचा असतानाच एक बाई उठली, तिच्या मागे दुसरी, आणि बघता बघता बाराच्या बारा नाळेकडे सरकले. म्हातारबुवा कोंबड्यांसकट. नाळ खाली बसली, मागची बाजू उचलली गेली, आणि माझी ती लाडकी फळी चक्क हवेत आली. मोटार किंचाळली. पंख्याने नुसता फेस काढला. सपाट पाण्यातसुद्धा होडी क्षणभर जागच्या जागी फिरली. धाकटीने मोटार हळू केली, पंख्याने पुन्हा पाणी धरलं, आम्ही काठाला लागलो. सगळे उड्या मारून गेले. कुणाला काही झाल्यासारखं वाटलंच नाही.

मी ही होडी हातांनी बांधली, तिचा प्रत्येक खिळा मला माहीत, आणि ती अशी मागून उचलली जाते हे मला माहीत नव्हतं. कारण मी तिला कायम रिकामीच पाहिली होती.

परत येताना वहिनी सरळ बसल्या. "लांब पाय," एवढंच म्हणाल्या.

माझ्या कारखान्यात येऊन मग त्यांनी सगळं सांगितलं, आणि आमचं वाजलं. मागची फळी तीन इंचांनी वाढवा, त्या म्हणाल्या. लांब पायाची मोटार बसवू. पंधरा नि तीन अठरा, पाय विसाचा, म्हणजे ताटली बुडाच्या दोन इंच खाली राहील.

"दोन इंच? नियम बुडाच्या रेषेत आहे," मी म्हणालो.

"तो नियम बसलेल्या माणसांसाठी आहे. तुमची गिऱ्हाइकं उभी राहतात."

"मग त्यांना बसायला सांगू."

"सांगा. तो म्हातारा वल्हेवाला जन्मभर सांगत होता. मिस्त्री, मोटार मी हवी तशी मागवू शकते. माणसं मागवता येत नाहीत. आहेत ती अशी आहेत."

"मग लांब पाय आहे त्याच फळीवर बसवा, पाचच्या पाच इंच खाली जाऊ द्या. फळीला हात कशाला लावायचा?"

"आणि ओहोटीला वाळूत रुतवायची? शिवाय मागून लाट आली तर ते वाढवलेले तीन इंच तिला अडवतील. तुमची फळी सुंदर आहे, मी कुठे नाही म्हणते. पण बुटकी आहे."

बुटकी. हा शब्द मी आजतागायत विसरलेलो नाही. मी म्हणालो, मी अखंड लाकडाला वरून पट्टी जोडणार नाही, हे म्हणजे नव्या कोऱ्या सदऱ्याला पहिल्याच दिवशी ठिगळ. वहिनी एरवी अशा वेळी दोन टोले आणखी हाणतात. त्या दिवशी नाही हाणले. लाकडाच्या ओंडक्यावर बसल्या आणि म्हणाल्या, "तुमच्या दोस्ताने तुम्हाला कधी सांगितलं नसेल. सासरे गेल्यावर मी पहिलीच मोटार विकली ती एका जाळेवाल्याला. त्याला आखूड पाय हवा होता, हलका पडतो म्हणून. मला वाटत होतं लांब लागेल. पण म्हटलं, गिऱ्हाईक म्हणतं तर देऊ. तोंडाशी पंख्याने हवा ओढली. होडी उलटली. रात्रभर उलट्या होडीला धरून होता तो. सकाळी लोकांनी जिवंत काढला. मी त्याच्या घरी गेले. मला वाटलं शिव्या देईल. त्याने मला बसायला पाट दिला आणि म्हणाला, तुम्ही तर सांगत होता. बस्स, एवढंच. त्यानंतर मी कुणाचं ऐकत नाही. लोक म्हणतात बाई आखडू आहे. असू दे."

धाकटी दारात उभी राहून सगळं ऐकत होती. ती म्हणाली, "बाबा, पट्टी जोडा." मग जोडली. फळीच्या लाकडाशी रंग जुळवला, बोल्ट आतून घेतले, कडा गोल केल्या. तरीही ती पट्टी माझ्या डोळ्यांत खुपते, आजही. लोक आता हात फिरवत नाहीत.

काम सुरू झालं. धाकटी रोज जायची, रोज यायची. पलीकडचे लोक रोज वेळेआधी उठायचे आणि मोटार बिनतक्रार पाणी कापायची. मी हळूहळू निवांत झालो. माझी बायको झाली नाही. ती रोज चूल आवरली की दाराशी येऊन वाऱ्याचा अंदाज घ्यायची आणि आत जायची.

मग तो दिवस आला. दुपारपर्यंत सगळं ठीक होतं. मासळीचा कारखाना सुटायच्या सुमारास समुद्रावरून वारा सुटला, एकदम आणि जोरात. माझ्या छपराचे पत्रे वाजायला लागले. मी हातातलं काम टाकून काठाकडे निघालो तर धाकटीची होडी निघून गेली होती, भरलेली. मी धावलो. या वयात मी धावत नाही, पण धावलो.

काठावरच्या बर्फाच्या कोठाराच्या भिंतीआड वहिनी उभ्या होत्या. पदर डोक्याभोवती घट्ट बांधलेला, नजर पाण्यावर. शेजारी माझा दोस्त, पाण्याकडे पाठ करून, भिंतीकडे तोंड. हातात थर्मास.

"तू इथे कसा?" मी विचारलं.

"हिचं असंच असतं," तो भिंतीकडे बघतच म्हणाला. "हिने दिलेली नवी मोटार पहिल्यांदा वाऱ्यात निघाली की ही इथे येऊन उभी राहते. प्रत्येक वेळी. कितीही वर्षं झाली. मी सोबतीला येतो. बघवत नाही मला, पण येतो. कुठवर आली?"

"पट्ट्याजवळ," वहिनी म्हणाल्या.

गावात इतक्या होड्या आहेत. इतक्या वर्षांत या बाईने किती मोटारी विकल्या असतील. मला हे माहीत नव्हतं, कुणालाच माहीत नव्हतं. जी बाई दुकानात कुणाला धड बोलू देत नाही ती प्रत्येकासाठी इथे या भिंतीआड उभी राहिलेली होती. मी नुसता त्यांच्या शेजारी जाऊन उभा राहिलो.

होडी पट्ट्यावर आली. लाटा मागून येत होत्या, पांढऱ्या, एकापाठोपाठ. पाण्यावरून मोटारीचा आवाज वाऱ्यातूनही येत होता, खाली दबलेला, एकसारखा. एक मोठी लाट मागून चढली. माझ्या त्या जोडलेल्या पट्टीवर आपटली, फुटली, थोडं पाणी आत गेलं. पण थोडंच. आणि नेमकं त्याच वेळी होडीतले सगळे उठले. आज काठावर पहिली उडी मारायला नव्हे, भीतीने. लाट मागून आली म्हणून सगळे पुढे पळाले. नाळ खाली गेली. मागची बाजू उचलली गेली, त्या दिवशीपेक्षा कितीतरी जास्त.

आवाज चढला. मोटार किंचाळली.

वहिनींनी माझा दंड धरला. माझ्या दोस्ताने डोळे मिटले, पाठ पाण्याकडे असूनही.

आवाज लगेच खाली आला. धाकटीने दांड्याची मूठ फिरवून मोटार हळू केली होती. होडी थोडी वळली, आडवी होऊ लागली, आणि मग आम्हाला दिसलं की धाकटी उभी राहिली आहे. एक हात मोटारीवर, दुसरा हात वर. ती काय म्हणाली ते ऐकू आलं नाही. ओरडलेली तर अजिबात ऐकू आली नाही. तिने हात सावकाश खाली आणला, जसं आपण घरात तापलेल्या माणसाला शांत करतो तसा. आणि ते लोक, ज्यांना म्हातारा वल्हेवाला जन्मभर बसवू शकला नाही ते पलीकडचे लोक, एकेक करून खाली बसले. पहिली ती कारखान्यातली बाई. मग मास्तर. मग बाकीचे. होडीची मागची बाजू पाण्यात उतरली. पंख्याने पाणी धरलं. आवाज पुन्हा दबका झाला, खोल झाला, आणि पुढची लाट यायच्या आत माझ्या मुलीने होडी सरळ केली आणि पट्ट्यापलीकडे नेली.

मी खाली बसलो. ती माझी मुलगी होती हे मला खरंच वाटत नव्हतं. लहानपणी ती माझ्या कारखान्यात भुशात झोपायची. तिच्याकडे हे कुठून आलं, कुणी शिकवलं, मला माहीत नाही. मी तर नाही शिकवलं.

"गेली का पलीकडे?" दोस्ताने विचारलं.

"गेली," वहिनी म्हणाल्या. त्यांनी माझा दंड सोडला. दंडावर बोटांचे वळ उठले होते. त्या बराच वेळ पलीकडे बघत राहिल्या. माणसं एकेक करून चिखलात उतरत होती, आज उड्या न मारता, आणि धाकटी शेवटी राहिलेल्या म्हातारबुवांना हात देत होती.

"दोन इंच पुरले नाहीत, मिस्त्री," वहिनी म्हणाल्या. आवाज अगदी बारीक झाला होता. "मोटार आणखी एक इंच खाली ठेवायला हवी होती. चुकलं माझं. माझं चुकलेलं तुमच्या पोरीने भरून काढलं."

मोटारकाकू चुकल्या, आणि ते त्यांनी स्वतःच्या तोंडाने कबूल केलं. मला आयुष्यात एवढी मोठी संधी पुन्हा मिळणार नव्हती, आणि गावात सांगितलं असतं तर वर्षभर पुरलं असतं. पण गावात मी ते अजून सांगितलेलं नाही. मी त्यांच्या पायाशी तसाच बसून राहिलो. मग दोस्ताने पाण्याकडे पाठ ठेवूनच थर्मासचं झाकण काढलं आणि आम्हा दोघांना चहा ओतून दिला, आणि वहिनी तो हातात घेऊन, धाकटी परत कधी निघते ते बघायला, पुन्हा पाण्याकडे तोंड करून उभ्या राहिल्या.